शनिवारवाड्याचं पाणी आणि आपली विहीर

गेल्या हिवाळ्यात एका रविवारी सकाळी आपल्या सोसायटीतले आम्ही बावीस जण जुनं पुणं पायी बघायला गेलो. सुरुवात अर्थातच शनिवारवाड्यापासून. १० जानेवारी १७३० ला पायाभरणी, १८२८ ची आग, दिल्ली दरवाजा हे सगळं शाळेत असल्यापासून माहीत. पण माहिती देणाऱ्या ताईंनी विचारलं, "एवढ्या मोठ्या वाड्याला पाणी कुठून यायचं, सांगा बरं!" सगळे गप्प.

पाणी यायचं कात्रजहून. नानासाहेब पेशव्यांनी १७५० च्या सुमारास तिथे तलाव बांधून दगडी बांधकामाचा भुयारी नळ शहरापर्यंत आणला. पंप नाही, वीज नाही. नुसत्या उतारावर पाणी वाहायचं. ते वाड्यापुरतं नव्हतं, पेठापेठांतल्या हौदांवर सामान्य माणसंही ते भरायची. १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलं, पाठोपाठ खडकवासलाही गेलं, तेव्हा शहराला आधार झाला तो अशाच जुन्या हौद-विहिरींचा. पुढे बरेच हौद बुजले.

हे ऐकताना आम्ही एकमेकांकडे बघत होतो. मागच्या गेटजवळची विहीर बुजवून पार्किंग करायचा विषय आपल्याकडे दोन सभांत निघालाय. नळजोड मिळेपर्यंत पहिली दोन वर्षं आपण तिच्याच पाण्यावर काढली, हे नव्या सभासदांना कदाचित ठाऊक नसेल. मंडळी, रौप्यमहोत्सवाच्या निमित्ताने तिचा गाळ काढू या. गाड्यांना जागा दुसरीकडेही शोधता येईल. विहीर एकदा बुजली की बुजलीच.