पायांचीं पेरें : कीटक व कोळी यांच्या पायांच्या संज्ञांचा विचार

१. भिवंडी तालुक्यांतील पूर्णा हें गांव ठाण्याहून कशेळीची खाडी ओलांडून भिवंडीस जाणाऱ्या रस्त्यालगत आहे. आज या बाजूस गोदामांच्या रांगा लागल्या आहेत. तेथें एका घरीं जुनें बाड सोडीत असतां आंतून दोन मृत जीव खालीं पडले. एक कसर व दुसरा कोळी. बाड अमरकोशाचें, नित्यपाठाचें होतें. त्यांत पाठभेदाच्या दृष्टीनें विशेष कांहीं न आढळल्यामुळें त्याची चर्चा येथें करीत नाहीं. परंतु कोळ्याचे आठही पाय पोटाशीं आंवळलेले पाहून यजमानांनीं सहज विचारलें, "याच्या पायाला सांधे किती, आणि मधल्या पेरांस आपल्याकडे म्हणतात काय?" उत्तर आम्हांस तत्काळ देतां आलें नाहीं. पुढें शोध करितां जें हातीं लागलें तें पोथ्यांच्या संग्राहकांसहि उपयोगी पडेल असें वाटल्यावरून हें टिपण लिहिलें आहे.

२. प्रथम वस्तुस्थिति सांगणें अवश्य आहे. कीटकास पाय सहा व प्रत्येक पायास मुख्य पेरें पांच. धडाशीं जोडलेलें तें कॉक्सा. त्यापुढें अगदीं लहान असें ट्रोकँटर. मग बहुधा सर्वांत जाड असें फीमर. नंतर सडपातळ व लांब टिबिया. आणि शेवटीं टार्सस. टार्ससचे पुन्हां एकापासून पांचापर्यंत बारीक खंड पडतात व टोंकास नख्या असतात. या खंडांस स्वतंत्र पेरें मानीत नाहींत, कारण एका खंडास दुसऱ्यावर हालविणारे स्नायु त्यांत नसतात. नखीस ओढणारी एकच दोरी त्या सर्वांमधून जाते.

कोळ्यास पाय आठ व प्रत्येक पायास पेरें सात. फीमर व टिबिया यांच्यामध्यें पॅटेला हें एक पेर अधिक, आणि टिबिया व टार्सस यांच्यामध्यें मेटाटार्सस हें दुसरें. टोळाच्या मागल्या पायाची जी जाड मांडी आपण पाहतों तें फीमर होय, आणि मधमाशी ज्यावर परागाचा गोळा वाहून आणते ती मागल्या पायाची टिबिया होय. मात्र प्रार्थनाकीटकाच्या पुढील पायांत कॉक्साच इतकें लांबलेलें असतें कीं, न जाणणारा मनुष्य त्यासच मांडी समजतो.

३. यजमानांच्या प्रश्नाच्या ओघांत आणखी एक गोष्ट नमूद करितों. मेलेल्या कोळ्याचे पाय आंत कां वळतात? कोळ्याच्या पायांतील दोन मुख्य सांध्यांस, म्हणजे फीमर-पॅटेला व टिबिया-मेटाटार्सस यांस, पाय वांकविणारे स्नायु आहेत, पण सरळ करणारे नाहींत. शरीरांतील रक्तद्रव दाबानें पायांत लोटून कोळी तो सरळ करितो. सी. एच. एलिस यांनीं १९४४ मध्यें या क्रियेचें विवेचन केलें, व १९५९ मध्यें पॅरी व ब्राउन यांनीं दाबाचें मापनहि केलें. प्राण जातांच दाब ओसरतो व पाय मिटतात. बाडांत सांपडलेला कोळी दप्तराच्या वजनानें चेंगरून तसा झाला असेल असें आम्हांस प्रथम वाटलें होतें. तें बरोबर नव्हतें.

४. आतां संज्ञांकडे वळूं. कीटकांच्या अवयवांची परिभाषा इंग्रजींत विस्तारानें मांडण्याचें श्रेय किर्बी व स्पेन्स यांच्या चार खंडांच्या ग्रंथास (१८१५-१८२६) द्यावें लागतें. पण पायांचीं नांवें त्यांनीं नवीन घडविलीं नाहींत. तीं मनुष्याच्या पायावरून उचललेलीं आहेत. कॉक्सा म्हणजे खुबा. फीमर म्हणजे मांडी. ट्रोकँटर हें मांडीच्या हाडाच्या वरील उंचवट्याचें नांव असून धांवणें या अर्थाच्या ग्रीक शब्दापासून तें आलें आहे. टिबिया या लॅटिन शब्दाचे अर्थ दोन : नडगीचें हाड आणि पांवा. पॅटेला म्हणजे लहान ताटली. टार्सस हा मूळ ग्रीक शब्द विणलेल्या सपाट जाळीचा वाचक असून त्यावरून पावलाच्या सपाट भागास लागला.

या अर्थांशेजारीं आपल्या घरांतील शब्द ठेवून पाहावे. मराठी मनुष्य नडगीच्या हाडास "पायाची नळी" म्हणतो. रोमन मनुष्यानें त्याच हाडांत पांवा पाहिला. गुडघ्यावरील हाडास आपण "वाटी" म्हणतों. रोमन मनुष्यानें तेथें ताटली पाहिली. एकानें दुसऱ्यापासून उसनें घेतलें असें मानण्याचें कारण नाहीं. स्वयंपाकघर व बोरूचें बेट दोघांच्याहि दाराशीं होतें, एवढेंच यावरून निघतें.

५. परंतु मराठींत शास्त्रीय ग्रंथ होऊं लागले तेव्हां हे शब्द दाराबाहेरच राहिले. १९६० मध्यें स्थापन झालेल्या महाराष्ट्र शासनाच्या भाषा संचालनालयानें शास्त्रवार परिभाषाकोश तयार केले. १९७६ पासून मराठी विश्वकोशाचे खंड निघूं लागले. त्याआधीं नागपुरास डॉ. रघुवीर यांनीं सर्व भारतीय भाषांसाठीं संस्कृतोद्भव परिभाषेचा आग्रह धरिला होता. या वळणावर मराठी प्राणिशास्त्रीय लेखनांत कॉक्सास कक्षांग, फीमरास ऊरु शब्दापासून साधलेलें नांव, टिबियास जंघा शब्दापासून साधलेलें नांव व टार्ससास गुल्फ अशा संज्ञा आढळतात. त्यांतील तीन संज्ञा कोशाशीं ताडून पाहिल्या पाहिजेत.

अमरकोशाच्या मनुष्यवर्गांत पायाचे भाग खालून वर क्रमानें दिले आहेत. पावलाचा अग्रभाग तें प्रपद, घोट्याच्या गांठी ते गुल्फ, त्यांच्या खालीं पार्ष्णि, म्हणजे टांच, मग जंघा, मग जानु, मग सक्थि अथवा ऊरु, आणि ऊरूच्या सांध्यास वंक्षण. कक्ष हा शब्द मात्र हाताकडे आहे. बाहुमूळास कक्ष म्हणतात, व आपला "काख" शब्द त्यावरूनच आला. म्हणजे कक्षांग हें नांव पायाच्या मुळास काखेचें अंग ठरवितें. गुल्फ हा घोटा असतां कीटकाचें जमिनीस टेकणारें सबंध पाऊल त्या नांवानें ओळखलें जातें. मनुष्याच्या शरीरांत टार्सस हीं घोट्याजवळचीं हाडें असल्यामुळें तेथें तो शब्द खपतो; कीटकाच्या ठिकाणीं प्रपद अधिक जुळलें असतें.

६. सर्वांत घोटाळ्याचा शब्द जंघा. संस्कृतांत जंघा म्हणजे गुडघ्याच्या खालचा व घोट्याच्या वरचा भाग, आपली नडगी व पोटरी. मराठींत तोच शब्द "जांघ" होऊन गुडघ्याच्या वर चढला व मांडीच्या सांध्याशीं जाऊन बसला. "जांघेंत अवधाण आलें" असें म्हणणारा मनुष्य पोटरीस हात लावीत नाहीं. तेव्हां जंघेवरून साधलेलें नांव वाचून मराठी विद्यार्थी कीटकाच्या मांडीकडे बोट दाखवील, आणि त्यास दोष देतां येणार नाहीं.

हा प्रकार केवळ आपल्याकडे घडला असें नाहीं. लॅटिन कॉक्सा म्हणजे खुबा. पण फ्रेंच व इतालियन भाषांत त्यापासून आलेले शब्द मांडीचे वाचक झाले. तिकडे शब्द खुब्यावरून खालीं उतरला, इकडे नडगीवरून वर चढला, व दोन्ही मांडीच्या आसपास येऊन थांबले.

संग्राहकांस याचें महत्त्व वेगळें सांगावयास नको. वैद्यकाच्या बाडांत श्लोक संस्कृत व त्याखालीं टीप मराठी असते तेव्हां "जंघा" व "जांघ" हीं दोन्ही एकाच पानावर येऊं शकतात. लेप कोठें लावावा, रक्त कोठून काढावें, हें त्या एका शब्दावर ठरतें. लेखक श्लोकाचा अनुवाद करीत आहे कीं आपल्या अनुभवाचें सांगत आहे, हें पाहिल्याशिवाय अर्थ करूं नये. वाचकानें आधुनिक परिभाषाकोश हातीं घेऊन जुनें बाड लावणें तर सर्वथा टाळावें. गुल्फ म्हणजे पाऊल असें समजून वाचल्यास घोट्याचा उपचार पावलावर जाईल.

७. जुन्या ग्रंथकारांनीं पायांचीं पेरें मोजलीं नाहींत, पण पाय मोजले होते. भ्रमरास षट्पद हें नांव अमरकोशांत आहे. घोणीस शतपदी आहे. आणि १२ व्या शतकांतील हेमचंद्राच्या अभिधानचिंतामणींत कोळ्याच्या नांवांत अष्टपाद् हेंहि येतें. यावरून त्यांनीं या जीवांचे वर्ग पाडले होते असें म्हणणें अतिशयोक्तीचें होईल. सुश्रुतानें कल्पस्थानांत सोळा प्रकारच्या लूता सांगितल्या त्या विषाच्या परिणामावरून. तेथें पायांचा संबंध नाहीं. युरोपांतहि लिनियसनें १७५८ मध्यें कोळी व खेकडे कीटकांतच घातले होते. लामार्कनें १८०१ मध्यें कोळ्यांचा वर्ग निराळा केला.

अमरकोश कोळ्यास तंतुवाय म्हणतो व विणकरासहि तेंच नांव देतो. मराठी त्यास कोळी म्हणते व जाळें टाकून मासे धरणाऱ्यासहि तोच शब्द लाविते. व्युत्पत्ति कांहींहि असो. मागांची भिवंडी व खाडीवरचे कोळीवाडे यांच्या शेजारीं हीं दोन्ही नांवें सारखींच शोभतात.

याच खाडीची चिंबोरी घेऊन पाहिली तर परिभाषेची आणखी एक गंमत दिसते. तिच्या पायासहि पेरें सात. पण मिल्न-एडवर्ड्स या फ्रेंच पंडितापासून चालत आलेल्या त्यांच्या नांवांत वरील भागास कटीचें व मांडीचें नांव, पुढें एकदम मनगटाचें, आणि टोंकास बोटाचें. एकाच अवयवांत मांडीस मनगट जोडलें गेलें. बाजारांतील मनुष्य नांगी किंवा डेंगा म्हणून मोकळा होतो, व ऐकणारा चुकत नाहीं.

८. निष्कर्ष असा. या संज्ञा कोणत्याहि भाषेंत उपमेनेंच आलेल्या आहेत. कीटकाच्या पायांत हाड नाहीं, तेव्हां त्यास खरी मांडी नाहीं आणि खरा घोटाहि नाहीं. स्नॉडग्रास यांच्या १९३५ च्या कीटकरचनेवरील ग्रंथानंतरहि कोळ्याचें कोणतें पेर कीटकाच्या कोणत्या पेराशीं मूळचें एक, हा वाद विद्वानांत राहिलाच. उपमाच घ्यावयाची तर ज्यास ती समजावयाची त्याच्या घरांतून घ्यावी. खुबा, मांडी, वाटी, नळी, पाऊल हे पांच शब्द कॉक्सा, फीमर, पॅटेला, टिबिया व टार्सस यांस पुरे पडतात. ट्रोकँटर व मेटाटार्सस यांस मराठींत तसा सोयीचा शब्द नाहीं. तेथें मूळ नांव ठेवण्यास हरकत नसावी. संस्कृत संज्ञा सर्व प्रांतांत समजतात व त्यांचे समास सुलभ होतात, हा त्यांच्या कैवाऱ्यांचा मुद्दा खरा आहे. म्हणून त्या टाकाव्या असें आम्ही म्हणत नाहीं. मात्र त्यांच्याशेजारीं घरचा शब्द छापावा, आणि जंघा हा शब्द येईल तेथें तर तो न चुकतां छापावा.

शेवटीं वाचकांस विनंति. ज्यांच्या संग्रहीं मराठी टिपा असलेलीं वैद्यकाचीं, अश्ववैद्यकाचीं वा कोशांचीं बाडें असतील त्यांनीं पायाच्या भागांचे शब्द स्थळनिर्देशासह कळवावे. खाडीकांठच्या बोलींतील खेकड्याच्या पायांचे शब्दहि हवेत. पूर्ण्याच्या यजमानांस आम्हीं पुढें उत्तर कळविलें तेव्हां कोळ्याच्या पायास वाटी आहे हें त्यांस लगेच पटलें. जंघेविषयीं मात्र त्यांनीं पुन्हां विचारलें कीं, ती वर कीं खालीं?