खोकल्याची वडी

चांद्याचा इतिहास म्हटला की आपल्यासमोर गोंड राजांचा परकोट उभा राहतो. १७५१ साली भोसल्यांकडे गेलेले राज्य, २१ ऑक्टोबर १८५८ रोजी फासावर गेलेले बाबूराव शेडमाके, एवढे सांगून झाले की शाळेतला धडा संपतो. अबुल फज़लने 'आइने-अकबरी'त वैरागडच्या हिऱ्यांच्या खाणीची नोंद करून ठेवली आहे. आज वैरागड गडचिरोली जिल्ह्यात येते. हिरा दफ्तरात गेला, पण त्याच मुलखात घरोघरी थंडीच्या दिवसांत जी काळपट, कडवट-गोड वडी चघळली जाते तिचे दफ्तर कोणी ठेवले नाही. आमच्या घरात तिला 'खाँसी की गोली' म्हणतात. शेजारच्या घरात तीच 'खोकल्याची वडी' असते. कृती जवळपास एकच.

दफ्तर नसले तरी शब्द आहेत. उर्दू शाळेत शिकवत असल्यामुळे शब्दांच्या मागे लागण्याची खोड मला जडली आहे, ती वाचकांनी थोडी सहन करावी. संस्कृतातला 'खंड' इराणात जाऊन 'क़ंद' झाला, अरबांनी तो उचलला आणि 'क़ंदी'वरून युरोपात 'कँडी' झाली. आज आपली मुले प्लास्टिकच्या कागदात गुंडाळलेली कँडी मागतात तेव्हा आपल्याच गावचा पाहुणा साहेबी कपडे घालून परत आलेला असतो. 'शर्करा'ची गोष्टही तशीच. शकर, सुक्कर, शुगर. आपण खडीसाखरेला 'मिश्री' म्हणतो त्यात मिस्र देश दडला आहे. खोकल्याच्या औषधाचे 'सिरप' आणि रमज़ानमधले 'शरबत' हे दोघे एकाच अरबी धातूची लेकरे आहेत, त्याचा अर्थ पिणे. चाटून खाण्याच्या औषधाला हकीम 'लऊक' म्हणतात, म्हणजे चाटण. आयुर्वेदातला अवलेह हा त्याचा सख्खा भाऊ शोभतो.

यातला सर्वांत बोलका शब्द 'इत्रीफल' आहे. युनानी दवाखान्यात इत्रीफलाच्या बरण्या कोणी पाहिल्या नसतील? नाव ऐकून ते अरबी वाटते. प्रत्यक्षात तो आपला त्रिफळा आहे. इसवी सन ८५०च्या सुमारास अली इब्न रब्बन तबरी यांनी 'फिरदौसुल-हिकमत' हा वैद्यकग्रंथ लिहिला आणि त्याच्या शेवटच्या भागात हिंदी वैद्यकाचा परिचय करून दिला. चरक आणि सुश्रुत त्यांना भाषांतरातून ठाऊक होते. हिरड्याला हलेला, बेहड्याला बलेला ही नावे हकिमांच्या तोंडी बसली. शेकडो वर्षांनी तीच फळे नव्या नावांनी हिंदुस्थानात परत आली आणि लोक त्यांना परदेशी विद्या समजू लागले. तेव्हा ही वडी आयुर्वेदिक की युनानी, हा वाद ज्यांना घालायचा त्यांनी डब्यावरच्या लेबलापुरता घालावा.

आमच्या भागात हकिमी विद्येला एक खास वाटही होती. वर्धा नदीच्या अलीकडे बल्लारपूर, पलीकडे राजुरा. आज दोन्ही एकाच जिल्ह्यात आहेत, पण राजुरा निज़ामाच्या हैदराबाद संस्थानातले, आदिलाबाद जिल्ह्यातले. १९५६च्या राज्य पुनर्रचनेत ते नांदेडला जोडले गेले आणि १९५९ साली चांदा जिल्ह्यात आले. म्हणजे नदी ओलांडली की सरकार, सिक्का आणि दफ्तरची भाषा बदलायची. तिकडे दफ्तर उर्दूत चालायचे आणि युनानी तिब्बला दरबाराचा आश्रय होता. मीर उस्मान अली खान यांच्या काळात चारमिनारशेजारी युनानी रुग्णालयाची भव्य इमारत उभी राहिली. १९२९ साली काज़ीपेठ-बल्लारशाह रेल्वेमार्ग पुरा झाला आणि हैदराबादचा माल आमच्या दाराशी आला. 'ज़िंदा तिलिस्मात' हे हैदराबादेत १९२० साली निघालेले. दिल्लीच्या हमदर्दचा, म्हणजे १९०६ साली हकीम हाफिज़ अब्दुल मजीद यांनी काढलेल्या दवाखान्याचा, मालही पुढे घरोघर पोचला. 'सुआल' म्हणजे खोकला, हे आमच्याकडच्या कित्येक बायांना हमदर्दच्या 'सुआलीन' गोळीवरून कळले असेल, शाळेतून नव्हे.

आणि मध्ये उभा राहिला तो अत्तार. महाराष्ट्रात अत्तार आडनावाची मुसलमान कुटुंबे गावोगाव आहेत. लोक समजतात, यांचे पूर्वज सुगंध विकत असतील. ते खरे आहेच, पण फारसी-उर्दूत अत्तार म्हणजे जडीबुटी विकणाराही. 'मंतिकुत्तैर'चे कवी फरीदुद्दीन अत्तार हे औषधांचेच दुकानदार होते. खोकल्याच्या वडीला अत्ताराशिवाय गत्यंतर नाही, कारण तिच्यातला ज्येष्ठमध आपल्या रानात उगवत नाही. मुलेठीचे ते पिवळे काष्ठ इराण-अफगाणिस्तानकडून यायचे आणि अजून बरेचसे बाहेरूनच येते. अडुळसा मात्र आपल्या कुंपणाचा. बकरीही त्याला तोंड लावत नाही, म्हणून शेताच्या बांधावर लावतात. बेहडा रानातला, सुंठ-मिरी-पिंपळी बाजारातली, पाक हलवायाच्या घराण्यातला. एवढ्या लोकांनी मिळून एक वडी होते.

यांतला रानातला माणूस नेहमी विसरला जातो. बेहडा थंडीत पिकून खाली पडतो. तो वेचणारे हात गोंडांचे, माडियांचे. १९२७च्या वन कायद्याखाली रानातली वस्तू सरकारी, ती नेणे परवान्यावर किंवा ठेकेदाराच्या मर्जीवर. २००६च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजावर, म्हणजे मध, लाख, तेंदू, बांबू, औषधी झाडपाला यांवर, तिथल्या लोकांची मालकी मान्य केली. धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गोंड गावाला २००९ साली सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. देशात असा हक्क मिळवणाऱ्या अगदी पहिल्या गावांत त्याची गणना होते. हकिमाचे नाव बरणीवर आले, वैद्याचे आले. बेहडा वेचणाऱ्या बाईचे कुठे आले?

आता कृती. मुलींना घरातून मिळते तशी ती सांगते. अडुळशाची वीस-पंचवीस पिकली-हिरवी पाने धुऊन चिरावीत. बेहड्याची फक्त साल घ्यायची, आतली बी फेकून द्यायची. दोन-तीन फळांची साल, बोटभर ज्येष्ठमधाचे काष्ठ ठेचून, सुंठेचा तुकडा, पाच-सहा मिरी, दोन पिंपळ्या, मूठभर तुळस. हे सगळे लिटरभर पाण्यात मंद आचेवर पावपट उरेपर्यंत आटवायचे आणि फडक्यातून गाळायचे. या काढ्यात अर्धा किलो साखर घालून पाक करायला ठेवायचा, लिंबाचे चार थेंब टाकायचे. लिंबाचे काम चवीचे नाही. आंबटामुळे साखरेचा थोडा भाग फुटतो आणि पाक परत दाणेदार होत नाही. गूळ घातला तर चव खमंग येते, पण वडी हवेतले पाणी फार ओढते आणि पावसाळ्यात डब्यात एकच गोळा होऊन बसतो.

खरी परीक्षा पाकाची. एकतारी, दोनतारी, गोळीबंद हे टप्पे ओलांडून जायचे. थेंब गार पाण्यात टाकला आणि दाताखाली न चिकटता टचकन मोडला की उतरवायचे. थर्मामीटर लावला तर तिथे दीडशे अंशांच्या आसपास काटा दिसेल, पाकात जेमतेम एक-दोन टक्के पाणी उरलेले असते. म्हणून ती काचेसारखी होते आणि म्हणूनच न नासता टिकते. तूप लावलेल्या थाळीत ओतून गरम असतानाच सुरीने रेघा मारायच्या. गार झाल्यावर रेघा मारायला जाल तर हातात फक्त चुरा येईल. वड्या पिठीसाखरेत घोळवून काचेच्या बरणीत ठेवाव्यात. साखरच नको असेल तर जुनी, त्याहून सोपी रीत आहे: बेहड्याची साल तव्यावर भाजून तिचा तुकडा गालात धरायचा.

हिचा गुण किती? थोडा आहे आणि खरा आहे. गोड चघळले की लाळ सुटते, घसा ओला राहतो, कोरडी ढास कमी होते. ज्येष्ठमध घशाला मऊपणा देतो. अडुळशाच्या पानात वासिसिन नावाचे द्रव्य असते. त्याच्या धर्तीवर जर्मनीत ब्रोमहेक्सिन तयार झाले आणि १९६३ साली ते औषध म्हणून बाजारात आले. पुढचे अम्ब्रोक्सॉल हे त्याचेच अपत्य. म्हणजे डॉक्टरांनी लिहिलेल्या कफ पातळ करणाऱ्या पुष्कळ औषधांची आजी आपल्या बांधावर उभी आहे. मात्र गुण आहे तिथे अवगुणही असतो. हेच वासिसिन गर्भाशयाला आकुंचन आणते, म्हणून गरोदर बाईने अडुळसा घेऊ नये. रक्तदाब असणाऱ्याने ज्येष्ठमध जपून घ्यावा. मधुमेह्याला साखरेचे वेगळे सांगायला नको. पाच वर्षांखालच्या मुलाच्या घशात कडक वडी अडकू शकते, आणि वर्षाच्या आतल्या बाळाला काढा मधातून चाटवण्याची आपल्याकडची रीत तर बंदच व्हायला हवी. मधातल्या जंतूंचे विष इतक्या लहान आतड्यात तयार होऊ शकते.

जुन्या हकिमांना मर्यादा ठाऊक नव्हत्या असे नाही. 'सुआल' हा एक विषय आणि 'सिल', म्हणजे फुफ्फुसाचा क्षय, हा दुसरा. इब्न सीना (मृत्यू १०३७) यांनी 'अल-क़ानून'मध्ये दोहोंचा वेगळा विचार केला आणि सिल एकाकडून दुसऱ्याकडे जातो हेही नोंदवले. आपण उर्दूत तपेदिक म्हणतो तो हाच. कॉख यांनी २४ मार्च १८८२ रोजी त्याचा जंतू जाहीर केला. आयुर्वेदात अडुळशाचे नाव क्षयावरही घेतले गेले आहे आणि इथेच आमच्या जिल्ह्यात घात होतो. चंद्रपूरला कोळशाच्या खाणी आहेत, औष्णिक वीज केंद्र आहे. २००९ साली केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने काढलेल्या अतिप्रदूषित औद्योगिक भागांच्या यादीत हे शहर वरच्या नंबरांत होते. त्यामुळे घरातला माणूस महिनाभर खोकला तरी 'धुळीचा आहे' म्हणतात. गालात वडी असते, ढास जरा कमी वाटते आणि महिन्याचे तीन महिने होतात. खोकला दोन आठवड्यांच्या वर गेला की बेडक्याची तपासणी करायची हा सरकारी नियम आहे. ती तपासणी आणि त्यापुढची औषधे सरकारी दवाखान्यात मोफत आहेत. वडी खात खात ती करता येते, वडीने ती टळत नाही.

लहान मुलांचे प्रकरण आणखी कठीण. २०२५च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये मध्य प्रदेशातील छिंदवाड्याच्या परासिया भागात 'कोल्ड्रिफ' नावाचे खोकल्याचे सिरप पिऊन वीसहून अधिक बालके गेली. कित्येकांनी नागपूरच्या इस्पितळांत प्राण सोडला. नागपूर म्हणजे आमचेही शेवटचे इस्पितळ. सिरपमध्ये डायएथिलीन ग्लायकॉल सापडले, एका तपासणीत ४८.६ टक्के. परवानगी ०.१ टक्क्याची. हे द्रव्य चवीला गोड असते आणि मूत्रपिंडे निकामी करते. १९८६ साली मुंबईच्या जे.जे. रुग्णालयात भेसळीच्या ग्लिसरीनमधून याच विषाने चौदा रुग्ण दगावले होते, लेंटिन आयोग बसला होता. चाळीस वर्षे होत आली. छिंदवाड्यानंतर आमच्या मोहल्ल्यात अडुळशाची पाने पुन्हा तुटू लागली. आयांचे चुकले असे मी म्हणणार नाही. सिरपची भीती खरी आहे. पण सिरप टाकून काढा धरला म्हणजे मूल सुरक्षित झाले, हा हिशेब अपुरा आहे, कारण बाळाचा खोकला न्यूमोनियाचा असेल तर काढा आणि सिरप दोन्ही सारखेच निरुपयोगी.

हे ज्ञान आपल्याच रानातून जगभर गेले. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेने गडचिरोलीच्या खेड्यांत न्यूमोनियावर काम केले. त्याचा अहवाल १९९० साली 'लॅन्सेट'मध्ये छापून आला. गावातल्याच माणसांना आणि दायांना न्यूमोनिया ओळखायला आणि गोळ्या-औषध द्यायला शिकवले. त्यांनी उपचार केलेल्या ६१२ रुग्णांत मृत्यूचे प्रमाण ०.८ टक्के राहिले. ज्या गावांत हे काम नव्हते तिथे ते १३.५ टक्के होते. यात अक्षर न ओळखणाऱ्या दायाही होत्या. त्यांना चाळीस-पन्नास आकडे मोजता येणे कठीण, म्हणून मण्यांची एक पाटी केली. एक मिनिटाची वाळूची घडी उलटी करायची, बाळाच्या पोटाकडे पाहायचे, दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. वाळू संपायच्या आत ठरलेल्या मण्यापलीकडे गेलो तर न्यूमोनिया.

नववीच्या मुलींना मी ही पाटी फळ्यावर काढून दाखवते तेव्हा कोणीतरी हमखास म्हणते, "बाजी, ही तर तसबीह!" मग आम्ही आकडे पाठ करतो. दोन महिन्यांच्या आतले बाळ असेल तर मिनिटाला साठ, वर्षाच्या आतले असेल तर पन्नास, एक ते पाच वर्षांचे असेल तर चाळीस. मूल शांत असताना मोजायचे, रडताना नाही. श्वास या आकड्यापर्यंत किंवा वर गेला, किंवा बरगड्यांखाली खळगा पडू लागला, तर पातेले चुलीवरून उतरवायचे आणि त्याच रात्री दवाखाना गाठायचा.