पाट्याचा दगड आणि कोयनेचं रान

आज कोयनेच्या अभयारण्याविषयी बोलायचं आहे, पण सुरुवात आपल्या घरातल्या पाट्यापासून करू. पाटा, वरवंटा, जातं, गोठ्यातली डोण, सगळं एकाच काळ्या दगडाचं. आपण काळा पाषाण म्हणतो, मुलांच्या पुस्तकात बेसॉल्ट म्हणतात. महाबळेश्वरापासून चांदोलीपर्यंत सगळा डोंगर याच दगडाचा.

हा दगड एके काळी पातळ होता. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि तप्त रस वर आला. तव्यावर घावन पसरावं तसा तो पसरला, निवला, त्यावर दुसरा आला, मग तिसरा. घाटात गाडीतून जाताना कड्याकडे बघा. काळ्या थरांच्या मध्ये कुठे कुठे तांबडा पट्टा दिसतो. दोन रसांच्या मधल्या काळात तिथे माती झाली होती, ती वरच्या रसाने भाजून निघाली. कोयनेजवळ गोठण्याला शास्त्रज्ञांनी तीन किलोमीटर खोल भोक पाडलं, तेव्हा साधारण सव्वा किलोमीटर नुसता काळा पाषाण लागला. त्याखाली त्याहून कितीतरी जुना, ग्रॅनाइटच्या जातीचा दगड.

माथ्यावरचा सडा मात्र जांभ्याचा. पावसाने काळ्या दगडातलं बाकीचं धुऊन नेलं, लोखंडाचा अंश उरला, म्हणून तो तांबडा. तिथे माती वीतभरही नाही, झाड धरत नाही, पण भादव्यात फुलांनी भरून जातो. सड्यावर पडलेलं पाणी दगडाच्या सांध्यांतून खाली झिरपतं आणि घट्ट थर लागला की कडेने बाहेर येतं. तोच झरा. जिथे बारमाही झरा, तिथे वाडी. नकाशा कुणाकडे नव्हता, पण हंडा घेऊन कुठे जायचं हे प्रत्येक सासुरवाशिणीला पहिल्या आठवड्यातच कळायचं.

म्हणून या रानाला कुणी ‘निर्जन’ म्हटलं की आम्हाला जरा हसू येतं. इथे माणसं होती, देवराया होत्या, नाचणी-वरीची शेतं होती. वासोटा किल्ला होता. ताई तेलिणीचं नाव तुम्ही ऐकलं असेल. पेशव्यांचे सरदार बापू गोखले 1807 च्या सुमारास पंतप्रतिनिधींवर चालून आले, तेव्हा ही बाई वासोट्यावर ठाण मांडून बसली आणि काही महिने तिने किल्ला झुंजवला. शेवटी धान्याच्या कोठाराला आग लागली, तेव्हा किल्ला गेला. पुस्तकांत तिची ओळख अजून पंतांच्या नावावरूनच देतात.

आता नदीकडे येऊ. कोयना महाबळेश्वराहून निघते, डोंगराच्या कडेकडेने दक्षिणेला उतरते आणि हेळवाकला पूर्वेकडे वळून कराडला कृष्णेला मिळते. हेळवाकच्या वर धरण झालं. साठच्या दशकाच्या सुरुवातीला पाणी चढू लागलं आणि खोऱ्यातली गावं उठली. कुणी सोलापुरात गेलं, कुणी ठाण्यात, कुणी रायगडात. पाऊस पाच हजार मिलिमीटरच्या घरात पडतो त्या मुलखातली माणसं माळरानावर जाऊन बसली. काही घरं मात्र लांब गेलीच नाहीत, पाण्याच्या वर सरकली. तिथेच डोंगर फोडून नवी खाचरं केली.

मग आला 11 डिसेंबर 1967. पहाटेचे चार वाजून गेले होते, गावं झोपेत. सुमारे 180 माणसं गेली. मातीत रचलेल्या दगडी भिंती आत कोसळल्या. ज्या दगडाने घर बांधलं, तोच अंगावर आला. तोवर दख्खनची जमीन अचल आहे असंच सगळे धरून चालत. आता बहुतेक शास्त्रज्ञ सांगतात, खोलवरच्या भेगा आधीच ताणात होत्या, जलाशयाचा भार आणि मुरणारं पाणी यांनी त्या सरकल्या. बारीक धक्के अजून बसतात. भांडी वाजली की आमच्याकडे कुणी दचकत नाही, पण म्हाताऱ्या उठून बाहेर ओट्यावर येतात.

1985 साली कोयनेचं अभयारण्य जाहीर झालं. 2010 साली चांदोलीसह सह्याद्री व्याघ्र प्रकल्प, 2012 साली जागतिक वारसा. रान राखायलाच हवं, त्याबद्दल आमचं दुमत नाही. याच रानाने नद्या जिवंत ठेवल्यात. पण पाण्यामुळे वर सरकलेल्यांतल्या काहींना रानामुळे पुन्हा उठावं लागलं, आणि पर्यायी जमिनीसाठी चकरा मारणारी घरं अजून आहेत. आमच्या गटातल्या एका आजी म्हणाल्या, “यादी खातेदारांची. खातेदार सासरा, मग नवरा, मग दीर. मी पाणी भरलं, खाचर लावलं, पण कागदात मी कुठंच नाही.”

तेव्हापासून आम्ही वही केली आहे. झऱ्यांची नावं, खाचरांची नावं, कुठली वाट कुठल्या बांधावरून जायची, हे म्हाताऱ्या बायकांकडून लिहून घेतो. एकाच झऱ्याला माहेरवाशिणी एक नाव सांगतात, सासुरवाशिणी दुसरं. आम्ही दोन्ही लिहितो.

वैशाखात पाणी उतरलं की बामणोलीच्या बाजूला गाळातून जोती वर येतात. मागच्या उन्हाळ्यात आजींना होडीतून घेऊन गेलो. त्यांनी काठीने गाळ उकरला, जात्याची खालची तळी निघाली. म्हणाल्या, टाकी लावायला झाली आहे.