उसाच्या पट्ट्यातला पाटील आणि निळू फुले

बारामती तालुक्यातल्या पणदरे परिसरात नीरेच्या कालव्याने ऊस पिकवला, उसामागून सहकारी कारखाने आले. पश्चिम महाराष्ट्राच्या बागायती गावांत त्यामुळे सत्तेचं ठिकाण बदललं. पाटलाच्या वाड्याइतकाच कारखान्याच्या चेअरमनचा शब्द वजनदार झाला. मराठी पडद्यावर या सत्तेला चेहरा दिला तो निळू फुले यांनी.

निळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म 1930 चा. पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात ते माळीकाम करत आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातून वग, लोकनाट्य सादर करत. शंकर पाटील यांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या वगाने त्यांचं नाव झालं. याच लेखकाच्या कथेवर अनंत माने यांनी 1968 मध्ये ‘एक गाव बारा भानगडी’ काढला आणि त्यातल्या झेले अण्णांच्या भूमिकेतून फुले पडद्यावर आले. 1972 मध्ये विजय तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’मध्ये त्यांनी सखाराम उभा केला. हे नाटक सेन्सॉरच्या बंदीविरुद्ध उच्च न्यायालयापर्यंत गेलं.

त्यांच्या कारकिर्दीचं शिखर म्हणजे ‘सामना’. तेंडुलकरांची पटकथा, जब्बार पटेल यांचं दिग्दर्शन, रामदास फुटाणे यांची निर्मिती. 1975 च्या बर्लिन महोत्सवात हा चित्रपट स्पर्धेत होता. यातला हिंदुराव धोंडे पाटील साखरसम्राट आहे. गावात भरकटत आलेल्या दारुड्या मास्तरला तो घरी नेतो, त्याची बडदास्त ठेवतो. मास्तर मात्र मारुती कांबळे या बेपत्ता माणसाचं काय झालं, हे विचारत राहतो. डॉ. श्रीराम लागू यांच्या मास्तरसमोर फुले आवाज चढवत नाहीत. खर्जातलं, रेंगाळतं बोलणं आणि अर्धवट मिटलेले डोळे एवढ्यावर ते दहशत निर्माण करतात. हिंदुरावाने गावाचं भलंही केलेलं आहे, आणि त्याला त्याचा खराखुरा अभिमान आहे. फुल्यांनी तो अभिमान खोटा वाटू दिला नाही, म्हणूनच ही भूमिका साध्या खलनायकापेक्षा फार मोठी ठरली.

नंतर निर्मात्यांनी त्यांना वाड्यावरच्या बाईलवेड्या पाटलाच्या साच्यात पुन्हा पुन्हा बसवलं. जत्रेतल्या तंबूत सिनेमा पाहणाऱ्या बायका त्यांना शिव्याशाप देत. या साच्यातले अनेक चित्रपट सामान्य होते. त्याबाहेरची त्यांची ताकद ‘सिंहासन’ (1979) मध्ये दिसली. अरुण साधू यांच्या कादंबऱ्यांवरच्या या चित्रपटात ते पत्रकार दिगू टिपणीस होते. मुख्यमंत्रिपदाचा सारा खेळ जवळून पाहून दिगू शेवटी वेड्यासारखा हसत सुटतो. हिंदीत ‘कुली’ आणि ‘सारांश’ हे त्यांचे ठळक चित्रपट. ‘सारांश’मध्ये ते पुन्हा राजकारणीच होते.

पडद्याबाहेर हा माणूस त्या पाटलाच्या अगदी उलट, साधा आणि समाजवादी होता. सामाजिक कार्यकर्त्यांना मानधन देता यावं म्हणून उभारलेल्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी लागूंसोबत त्यांनी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग केले. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीलाही त्यांनी साथ दिली. 1991 मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. 13 जुलै 2009 रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं.