कृश आणि स्थूल : देहवाचनाचा प्रश्न

देह हीही एक संहिता आहे, या गृहीतावर साहित्यकृतीतील देहवर्णनांचे वाचन करण्याची पद्धत मराठी समीक्षेत आता रुळली आहे. या वाचनात स्थूल देहाच्या वाट्याला बहुधा दोनच अर्थ येतात. विनोदी लेखनात तो हसण्याचा विषय असतो. ग्रामीण व आदिवासी जीवनावरील लेखनात तो सावकाराचा वा जमीनदाराचा, म्हणजे शोषणाचा संकेत ठरतो. कृश देह मग आपोआप शोषिताचा होतो. या संकेतव्यवस्थेला इतिहास आहे, आणि तो तपासल्याखेरीज तिच्यावर विसंबता येणार नाही.

चरकसंहितेच्या सूत्रस्थानातील ‘अष्टौनिन्दितीय’ अध्यायात निंद्य मानलेल्या आठ प्रकारच्या व्यक्तींत अतिस्थूल आणि अतिकृश हे दोघेही आहेत. मात्र दोहोंत कृशताच बरी, असा तेथील निर्णय आहे. लोकभाषेचा कौल याच्या उलट आहे. ‘खात्यापित्या घरचा’, ‘अंगाने भरलेली’, ‘गुटगुटीत’ हे शब्द स्तुतीचे आहेत. ‘बाळसे’ या शब्दात तर आरोग्य आणि मांसलता वेगळी काढताच येत नाहीत. शास्त्राने ज्याला दोष म्हटले, त्यातच दुष्काळ पाहिलेल्या समाजाने भाग्य पाहिले.

या संदर्भात १९७२ हे वर्ष लक्षणीय आहे. महाराष्ट्र दुष्काळात होरपळत असताना त्या वेळच्या धुळे जिल्ह्यातील शहादा परिसरात भिल्ल शेतमजुरांच्या जमीन-मजुरीच्या लढ्यातून श्रमिक संघटना उभी राहिली. (शहादा १ जुलै १९९८ पासून नंदुरबार जिल्ह्यात आहे.) भरल्या कोठाराचा धनी आणि रिकाम्या पोटाचा मजूर हा विरोध तेथे रूपक नव्हता, अनुभव होता. त्याच वर्षी अमेरिकन शरीरशास्त्रज्ञ ॲन्सेल कीज व त्यांच्या सहकाऱ्यांनी केतले या बेल्जियन संख्याशास्त्रज्ञाच्या एकोणिसाव्या शतकातील सूत्राला ‘बॉडी मास इंडेक्स’ हे नाव दिले. त्यांनी तपासलेले सात हजारांवर देह पाच देशांतील पुरुषांचे होते. त्यांत स्त्री नव्हती आणि भारतही नव्हता. याच कीज यांनी १९४४-४५ मध्ये मिनेसोटात ३६ स्वयंसेवकांवर उपासमारीचा प्रयोग केला होता. आज राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात प्रौढांचे कृशत्व आणि स्थूलत्व याच निर्देशांकाने मोजले जाते.

या मापाला एक गंभीर प्रश्न महाराष्ट्रातून विचारला गेला, असे म्हटल्यास वावगे होणार नाही. पुण्याच्या के. ई. एम. रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी १९९३ पासून पुणे परिसरातील खेड्यांत गर्भवती स्त्रियांचा अभ्यास केला. तेथील नवजात बालके इंग्लंडमधील साउदॅम्प्टनच्या बालकांपेक्षा वजनाने बरीच कमी होती; मात्र स्नायू घटले त्या प्रमाणात त्यांची चरबी घटलेली नव्हती. २००४ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये याज्ञिक आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी युडकिन यांची छायाचित्रे प्रसिद्ध झाली. दोघांचा निर्देशांक २२.३, चरबी मात्र याज्ञिकांची २१.२ टक्के आणि युडकिन यांची ९.१ टक्के. कृश आणि स्थूल हे एकाच देहात नांदू शकतात, हे यातून स्पष्ट होते.

या निष्कर्षाचा समीक्षेशी संबंध कोणता? नंदुरबारचे नाव निघाले की कुपोषित बालकाचे चित्र पुढे येते. ते खोटे नाही. पण जिल्ह्यातील प्रत्येक आदिवासी पात्र त्याच चित्रात बसवले की अंगाने भरलेली मजूर स्त्री कथेत विसंगत वाटू लागते आणि हडकुळ्या माणसाला जडलेला मधुमेह कोणाच्या ध्यानात येत नाही. शोषण जमिनीच्या मालकीत, मजुरीत आणि कर्जात शोधायचे असते. समीक्षक ते देहाच्या आकारावरून ओळखू लागला, तर तोही वजनकाट्याचेच काम करतो. आणि काटा कोणी, कोणत्या देहांवरून बेतला, हा प्रश्न विचारायचा राहून जातो.