नर्मदेत सोडलेली पोथी

महेश्वरच्या घाटावर गेलेल्या आपल्यापैकी बहुतेकांनी ही गोष्ट ऐकली असेल. एका ब्राह्मणाने अहिल्याबाईंच्या स्तुतीचा ग्रंथ रचला आणि तो त्यांना वाचून दाखवला. बाईंनी शेवटपर्यंत शांतपणे ऐकून घेतले. मग, आपण एवढ्या स्तुतीला पात्र नाही असे म्हणून त्यांनी तो ग्रंथ नर्मदेत टाकायला सांगितला आणि ग्रंथकाराकडे पुन्हा लक्ष दिले नाही. ही केवळ आजीने सांगितलेली कथा नव्हे. जॉन माल्कमने १८२३ साली छापलेल्या मध्य हिंदुस्थानावरील ग्रंथात ती नोंदवली आहे. माल्कम माळव्यात आला तेव्हा बाईंना जाऊन पंचवीस वर्षेही झाली नव्हती. त्यांना पाहिलेली माणसे हयात होती.

मला मात्र ही गोष्ट आठवली की त्या कवीचीच दया येते. त्याने जगावेगळे काय केले होते? राजाने अन्न द्यावे आणि कवीने कीर्ती द्यावी, हा तेव्हाचा सर्वत्र मान्य व्यवहार होता. इटलीत फेरारा नावाचे छोटे संस्थान होते, आपल्या देवास-धारसारखे. तिथल्या एस्ते घराण्याच्या पदरी आरिओस्तो हा कवी होता. त्याने १५१६ साली प्रसिद्ध केलेल्या महाकाव्यात धन्याच्या कुळाची थोरवी गुंफली आणि ते काव्य कार्डिनल इप्पोलितो या धन्यालाच अर्पण केले. पुढच्याच वर्षी हंगेरीला बरोबर यायला त्याने नकार दिला आणि तिथेच ती चाकरी संपली. धन्याला कवी हवा होता की हरकाम्या, असा प्रश्न पडतो. ते काव्य आजही वाचले जाते. इप्पोलितोचे नाव मात्र बहुतेकांना त्या काव्यामुळेच ठाऊक आहे.

बाईंनी हा सौदाच मोडला. पण याचा अर्थ त्यांना गुणी माणसांची पारख नव्हती असा नाही. संगमनेरचे शाहीर अनंतफंदी महेश्वरास आले, तेव्हा त्यांचा मान राखला गेला. मात्र एवढी वाणी तमाशात खर्च करण्यापेक्षा कीर्तनाला लावा, असे बाईंनी त्यांना सुचवले, असे परंपरा सांगते. फंदींनी ते मानले. आज आपण त्यांना ओळखतो ते उपदेशपर फटक्यांमुळे आणि सवाई माधवरावांच्या मृत्यूवरील ‘श्रीमाधवनिधन’ या ग्रंथामुळे. बाईंच्या शब्दाने एका शाहिराची वाट बदलली याचे आपण कौतुक करतो. पण न रचल्या गेलेल्या लावण्यांचे काय, असेही कधीकधी मनात येते. आश्रय देणारा हात कलेच्या आतपर्यंत पोचतो, मग तो हात कितीही पुण्यवान असो.

दुसरीकडे विणकरांना त्यांनी महेश्वरात वसवले आणि त्या मागांनी कोणाची स्तुती केली नाही. ते चालत राहिले. मध्ये मंदावले, १९७९ साली ‘रेहवा’ संस्थेमुळे पुन्हा उभे राहिले, आणि आजही आपल्या घरातल्या लग्नात महेश्वरी निघतेच.

१८१८ च्या मंदसौरच्या तहानंतर राजधानी इंदुरास आली. दुसऱ्या तुकोजीरावांच्या लांबलचक कारकिर्दीत दरबारात गवई-वादक स्थिरावले. त्यांत नानासाहेब पानसे यांचे नाव आधी घ्यायला हवे. वाईकडचा हा माणूस काशीला पखवाज शिकला आणि इंदूर दरबारात राहिला. त्यांचे मोठेपण त्यांच्या हातात होतेच, पण त्याहून अधिक ते शिकवण्यात होते. त्यांचे शिष्य सखारामपंत आगळे, आणि आगळ्यांचे शिष्य गोविंदराव बऱ्हाणपूरकर, अशी ही परंपरा पुढे गेली आणि तिला पानसे घराणे असे नावच पडले. पगार खजिन्यातून निघत होता. विद्या मात्र घराघरांत पोचत होती.

बीनकार बंदे अली खाँ यांची हकीकत तर आपल्या नाट्यसंगीतापर्यंत पोचते. किर्लोस्कर मंडळीचा मुक्काम इंदुरात असताना त्या मंडळीतल्या एका लहान नटाचे गाणे खाँसाहेबांनी ऐकले आणि त्याला गंडा बांधला. तो मुलगा म्हणजे भास्करबुवा बखले. याच भास्करबुवांनी पुढे १९१६ च्या ‘स्वयंवर’ला चाली दिल्या, आणि बालगंधर्व व मास्टर कृष्णराव हे त्यांचे शिष्य. आपण ती पदे ऐकतो तेव्हा पुण्या-मुंबईची आठवण काढतो. त्यात इंदूरच्या बीनेचा थोडा अंश आहे हे आपणच सांगायला हवे, दुसरे कोण सांगणार?

राजाश्रयाचा शेवटचा अंक सर्वांत विलक्षण. एकाच दशकात, एकाच शहरात दोन गोष्टी घडत होत्या. यशवंतराव होळकरांना पूर्ण अधिकार मिळाले १९३० साली. त्यांनी एकार्ट मुथेसियस या पंचविशीतल्या जर्मन वास्तुशिल्पकाराकडून माणिकबाग उभारून घेतली आणि पॅरिसहून अत्याधुनिक सामान आणवले. ब्रांकुसी या शिल्पकाराची ‘अवकाशातील पक्षी’ या मालिकेतली तीन शिल्पे त्यांनी घेतली आणि त्यांच्यासाठी एक ध्यानमंदिर बांधायचे ठरवले. त्या कामासाठी ब्रांकुसी स्वतः इंदुरात येऊन गेला. मंदिर झाले नाही. काळ्या आणि पांढऱ्या संगमरवराचे दोन पक्षी आज ऑस्ट्रेलियात कॅनबेराच्या कलादालनात उभे आहेत. माणिकबागेतले फर्निचर १९८० साली मोनाकोत लिलावात गेले आणि वाड्यात सरकारी कचेरी आली. महाराजांची नजर काळाच्या पुढे होती, यात शंका नाही. पण त्या दालनात इंदूरकर किती जणांना पाऊल ठेवता आले असेल?

त्याच्या थोडे आधी, १९२७ साली, दत्तात्रय दामोदर देवळालीकरांच्या हाती संस्थानची चित्रशाळा आली होती. माणिकबागेच्या मानाने तिचा खर्च किरकोळच. मुलांना डिप्लोमाच्या परीक्षेसाठी मुंबईला जावे लागे, आणि देवळालीकर त्यांची तयारी करून घेत. मुलांनी कागद घेऊन गल्लीबोळांत आणि नदीकाठी बसावे, समोर दिसेल ते रंगवावे, हा त्यांचा आग्रह. त्या वर्गातून नारायण श्रीधर बेंद्रे निघाले, ज्यांनी पुढे बडोद्याला एक पिढी घडवली. द. ज. जोशी निघाले. पंढरपुरात जन्मलेले आणि इंदुरात वाढलेले मकबूल फिदा हुसेनही त्याच वर्गात हात वळवून गेले.

विष्णू चिंचाळकर मात्र इंदूर सोडून गेले नाहीत. गावाने त्यांना ‘गुरुजी’ केले. वाळलेली पाने, बिया, काटक्या, मोडकी भांडी, जे कोणी टाकून देई ते ते उचलून आणत आणि त्यातून चित्र उभे करत. संस्थान विलीन होऊन पन्नास वर्षे उलटून गेली तरी, २००० साली जाईपर्यंत, येईल त्या पोराला समोर बसवून ते शिकवत होते.