बेघरांचा आश्रम आणि घराची वाट

अ‍ॅकवर्थ साहेबांचे नाव आपल्या वाचकांस परिचित आहे, ते शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्यासह त्यांनी १८९१ साली प्रसिद्ध केलेल्या ऐतिहासिक पोवाड्यांच्या संग्रहामुळे. हेच गृहस्थ मुंबईचे म्युनिसिपल कमिशनर असताना, १८९० साली, माटुंग्यास महारोग्यांचा आश्रम निघाला तो त्यांच्याच खटपटीने, हे वाङ्मयाच्या अभ्यासकांच्या सहसा ध्यानी येत नाही. त्या संस्थेच्या मूळ इंग्रजी नावात 'बेघर' हा शब्द होता. आत गेलेल्या मनुष्यास पुढे घर मिळे काय, हा प्रश्न आम्हांस त्या नावानेच सुचविला.

१८९८ च्या कायद्याने निर्धन महारोग्यास वॉरंटावाचून पकडण्याचा अधिकार पोलिसांस दिला. वैद्यकीय तपासणीनंतर मॅजिस्ट्रेट त्यास आश्रमात धाडी. मात्र त्याच कायद्यात एक सवलत होती. एखाद्या आप्ताने वा मित्राने, याची नीट काळजी घेऊ, यास उघड्यावर भीक मागू देणार नाही, अशी लेखी हमी दिली, तर रोग्यास त्याच्या हवाली करता येई. हवा तर जामीनही घेता येई. म्हणजे घराचे दार कायद्याने लावून घेतले नव्हते. ते उघडण्याचे काम आप्तांवर सोपविले होते. सही करणारा कोणी नसला, की ती सवलत कागदावरच राही.

१९४० नंतर सल्फोन औषधे आली आणि रोग बरा होऊ लागला. परंतु एकदा झडलेली वा वाकडी झालेली बोटे औषधाने पूर्ववत होत नाहीत, आणि गाव निदान करी ते बोटांवरून. डॉक्टरच्या दाखल्यास तेथे कोण विचारतो! अशांपैकी पुष्कळांनी बाबा आमटे यांच्या वरोऱ्याजवळील आनंदवनातच शेती केली, संसार मांडले.

आश्चर्य वाटते ते १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याचे. औषधे वापरात असता त्याने उग्र व 'असाध्य' महारोग हे घटस्फोटाचे कारण मानले. 'असाध्य' हा शब्द वैद्यकाने मागे टाकला, तरी कायद्याने तो जपून ठेवला. बरा होऊन परतणाऱ्यास सर्वांत मोठे भय गावाचे नसून स्वतःच्या घरातील माणसाचे असते, हे कायदा करणाऱ्यांच्या लक्षात कसे आले नाही, हे आम्हांस उमगत नाही. १८९८ चा कायदा केंद्राने २०१६ साली रद्द केला. घटस्फोटाचे ते कारण २०१९ साली पाच विवाहविषयक व कौटुंबिक कायद्यांतून वगळले गेले.